दोन चौल, एक लेख: तपासणीच्या नोंदी

९ नोव्हेंबर २०२४

‘चौल’ हा लेख तपासणीला घेतला. कुणीही बदलू शकेल अशा ऑनलाइन ज्ञानकोशातला हा लेख बरीच वर्षं वाढत आलाय, पण सलग वाचून कुणी काढलेला दिसत नाही. ज्याला जे सापडलं ते त्यानं खाली चिकटवलं आणि तो पुढे गेला. ‘प्रमुख पाहण्यासारखी ठिकाणे’ हा विभाग दोनदा आहे आणि दोन्हीकडे यादी वेगळी.

पहिलंच वाक्य: ‘चौल हे पोर्तुगीजांनी वसवलेले ऐतिहासिक शहर आहे.’ पोर्तुगीज या किनाऱ्यावर आले सोळाव्या शतकाच्या सुरुवातीला. त्याच्या सहाशे वर्षं आधी मसूदी हा अरब प्रवासी इथं येऊन गेला होता आणि तेव्हाही हे भरलेलं बंदर होतं. म्हणजे दारातच ठेच.

मंडळी अशी: अलिबागचे निवृत्त इतिहासशिक्षक (त्यांना सगळेच गुरुजी म्हणतात), कोर्लईची एक कॉलेजात शिकणारी मुलगी, जुन्या ग्रंथांचे स्कॅन शोधणारा मुंबईकर मित्र, रेवदंड्याचे फोटोवाले काका, आणि नोंदी ठेवायला मी.

११ नोव्हेंबर

पूर्ण लेख छापून घेतला आणि पेन घेऊन बसलो. चुका पुष्कळ आहेत, पण बहुतेकांचं मूळ एकच निघालं. लेख लिहिणाऱ्यांनी दोन गावं एक मानलीत.

बाहेरच्यांसाठी सांगतो. अलिबागहून मुरूडच्या रस्त्याला लागलं की आक्षी, नागाव ओलांडून चौल लागतं. नारळी-पोफळीच्या वाड्या, तळी, देवळं, पाखाड्या (गावातल्या वाडीसारख्या वस्त्या). तिथून दोन-तीन किलोमीटर पुढे, कुंडलिकेच्या खाडीच्या तोंडाशी रेवदंडा. पोर्तुगीजांचा कोट तो रेवदंड्याला. गाडीरस्ता आजही तटबंदीतूनच आत शिरतो. पोर्तुगीज आपल्या कोटातल्या वस्तीलाही चौलच म्हणत. जुन्या कागदांत त्यामुळे वरचं चौल आणि खालचं चौल असा भेद येतो. वरचं म्हणजे जुनं देशी बंदर, जे शिलाहार, यादव, बहमनी, निजामशाही अशा हातांतून गेलं. खालचं म्हणजे पोर्तुगीजांचं, आजचा रेवदंडा. लेखात हा भेद एका ओळीतही नाही.

म्हणून तपासणीच्या तक्त्यात एक जास्तीचा रकाना घातला. लेखातल्या प्रत्येक वाक्यापुढे ‘व’ किंवा ‘ख’ लिहायचं. ठरत नसेल तर रकाना रिकामा ठेवायचा आणि वाक्य चर्चा पानावर न्यायचं. गुरुजी म्हणाले, “एवढं केलंत तरी अर्धा लेख सरळ होईल.”

१४ नोव्हेंबर

पहिली फेरी झाली. काही मासले.

‘येथील पोर्तुगीज हमामखाना प्रसिद्ध आहे.’ हमामखाना वरच्या चौलात आहे, मुसलमानी अमदानीतला. पोर्तुगीजांचा काही संबंध नाही. व.

‘चौलचा सात मजली मनोरा आजही दिमाखात उभा आहे.’ हा रेवदंड्याच्या कोटातला सातखणी मनोरा. मनोरा आहे, पण वरचे खण कधीच पडलेत. दिमाख काढला. ख.

‘चौल किल्ला’ या नावाखाली जो फोटो आहे तो कोर्लईचा! खाडीच्या पलीकडे, मुरूड तालुक्यात, समुद्रात घुसलेल्या डोंगरावरचा. काकांनी फोटो बघताच ओळखला. ना व, ना ख.

‘मराठीतील आद्य शिलालेख चौल येथे आहे.’ आक्षीचा शिलालेख, शके ९३४ म्हणजे इ.स. १०१२ असा वाचला जाणारा. आक्षी अलिबागजवळचं स्वतंत्र गाव आहे, त्याचा लेखही वेगळा आहे. मजकूर तिकडे हलवला. अष्टागरात, म्हणजे अलिबागच्या या किनारपट्टीत, जे जे म्हणून जुनं आहे ते ते चौलच्या खात्यावर जमा करायची सवय दिसते.

१७ नोव्हेंबर

मुंबईकर मित्रानं दोन मुख्य ग्रंथांचे स्कॅन पाठवले. एक जर्सन द कुन्हा यांचा चौल आणि वसईवरचा, १८७६ चा. हे मूळचे गोव्याचे, मुंबईत डॉक्टरकी करायचे आणि उरलेला वेळ नाणी आणि इतिहास यांत घालवायचे. दुसरा १८८३ चा कुलाबा-जंजिऱ्याचा गॅझेटियर, मुंबई इलाख्याच्या मालिकेतला अकरावा खंड. दोन्ही प्रताधिकारातून मोकळे, तेव्हा पानांचे फोटो टाकायलाही अडचण नाही.

एक सूचना सगळ्यांसाठी. गॅझेटियरवाल्यांनी द कुन्हांवरून भरपूर घेतलंय. त्यामुळे एकाच विधानाला हे दोन्ही संदर्भ जोडले की ते दोन स्वतंत्र पुरावे होत नाहीत. पान उघडून तळटीप बघायची, मगच संदर्भ लावायचा.

लेखातल्या मोठ्या परिच्छेदांपैकी एक कुठल्याशा पर्यटन पुस्तिकेतून जसाच्या तसा उचललाय. ‘निसर्गाने मुक्तहस्ते उधळण केलेल्या’ अशी सुरुवात असली की संशय घ्यायचा, हा माझा जुना ठोकताळा. सगळा परिच्छेद काढला आणि पानाच्या इतिहासात कारण लिहून ठेवलं.

२० नोव्हेंबर

प्राचीन काळाचा विभाग. लेखात ‘दोन हजार वर्षांचा अखंड वैभवशाली इतिहास’. आमच्या हातात काय आहे? पेरिप्लसमध्ये, म्हणजे पहिल्या शतकातल्या त्या ग्रीक खलाशाच्या टिपणात, कल्याणनंतरच्या बाजारगावांच्या यादीत सेमिल्ला येतं. ग्रीक भूगोलकार टॉलेमी दुसऱ्या शतकात सिमुल्ला म्हणतो आणि स्थानिक लोक त्याला तिमुला म्हणतात असंही नोंदवतो. कान्हेरीच्या लेण्यांत चेमुलाच्या दात्यांची नावं आहेत. हे सगळं चौलच, असं बहुतेक अभ्यासक धरतात. चेंबूर असावं असंही मत आहे. दोन्ही मतं लिहिली, बहुमत कुठं आहे ते लिहिलं, आणि ‘अखंड’ काढलं. हे उल्लेख आणि दहावं शतक यांच्यामध्ये लेखानं एक ओळही दिलेली नाही, मग अखंड कशाच्या जोरावर?

‘वैभवशाली’ गेल्याचं एका सदस्याला फार लागलं. चर्चा पानावर विचारतात, आपल्या गावाचा अभिमान नाही का? मी उत्तर दिलं की कान्हेरीला दान देणारे चेमुलाचे व्यापारी होते हे सांगितलं की वैभव आपसूक कळतं, विशेषणाची गरज राहत नाही. पुन्हा काही बोलले नाहीत. पटलं असेल किंवा कंटाळले असतील.

२३ नोव्हेंबर

मसूदी. यावर सगळ्यात जास्त वेळ गेला आणि तो सत्कारणी लागला.

लेखात: ‘९१५ साली अल मसूदीने चौलला भेट दिली, तेव्हा येथे दहा हजार अरब राहत होते.’ मित्रानं मूळ मजकुराचं भाषांतर काढलं. मसूदी साल देतो हिजरी ३०४. ते सुरू होतं जुलै ९१६ मध्ये. म्हणून ‘हिजरी ३०४ (इ.स. ९१६-१७)’ असं लिहिलं. हिजरी वर्ष इसवी सनाबरोबर सुरू होत नाही, हे विसरलं की असं एखादं वर्ष घसरतं. शिवकालीन लेखांतही हे फार वेळा दिसतं.

आता ते दहा हजार. मसूदी दहा हजार मुसलमान म्हणतो, अरब नव्हे. शिवाय त्यांची फोड करतो: सिराफ, ओमान, बसरा, बगदाद इथून येऊन स्थायिक झालेले, आणि बयासिरा, म्हणजे मुसलमान आई-बापांच्या पोटी इथंच हिंदुस्थानात जन्मलेले. त्यांचा एक प्रमुख असे आणि त्याची नेमणूक राजा करी. राजाचं नाव त्यानं झंझ दिलंय. तोच उत्तर कोकणचा शिलाहार झंझ, आणि त्याच्या डोक्यावर बल्हारा म्हणजे राष्ट्रकूट सम्राट.

एका ओळीत केवढा ऐवज होता, आणि लेखात त्यातलं काय उरलं तर एक चुकीचं साल आणि एक चुकीची जमात. नवा परिच्छेद गुरुजींनी लिहिला. हिंदू राजाच्या बंदरात मुसलमान व्यापाऱ्यांचा स्वतःचा मुखत्यार, हा मुद्दा त्यांनी आधी आणला आणि संख्या शेवटी. मला ही मांडणी आवडली.

रकाना: व. इथं शंकाच नाही, खालचं चौल जन्मायला अजून सहा शतकं होती.

२७ नोव्हेंबर

अफनासी निकितिन. त्वेर गावचा रशियन व्यापारी. होर्मुझहून एक घोडा घेऊन गलबतानं निघाला आणि चौलला उतरला. पुढे पालीवरून घाट चढून जुन्नरला गेला. तिथं खानानं त्याचा घोडा काढून घेतला. अखेर बीदर. गोरा माणूस पाहायला आपल्या मागे लोकांची झुंबड लागते, असं तो लिहितो.

लेखातलं वाक्य: ‘निकितिन रेवदंडा किल्ल्यात उतरला.’ रेवदंड्यात त्याचं स्मारक आहे, त्यावरून कुणीतरी गणित मांडलं. पण किल्ल्याचं काम सुरू झालं १५२१ मध्ये, आणि निकितिनचा प्रवास त्याच्या निदान पन्नास वर्षं आधीचा. किल्लाच नव्हता तर उतरेल कसा? ‘चौल बंदरात उतरला; त्याचं स्मारक रेवदंडा इथे आहे’ अशी दोन सुटी विधानं केली.

सालाबद्दल: जुना प्रघात १४६९ चा. नंतर रशियन अभ्यासकांनी १४७१ कडे बोट दाखवलं. दोन्ही दिली. मंडळींपैकी एकाचा आग्रह होता की वाचक गोंधळेल, एकच साल ठेवा. कुठलं ठेवू? नाणं उडवून इतिहास लिहायचा नाही.

१ डिसेंबर

१५०८ ची चौलची लढाई. माहितीचौकटीत ‘निकाल: पोर्तुगीज विजय’. साफ उलट!

झालं असं. इजिप्तच्या मामलूक सुलतानानं पोर्तुगीजांना हिंदी महासागरातून हुसकायला आरमार पाठवलं. अमीर हुसेन त्याचा सरदार. त्याला येऊन मिळाला दीवचा मलिक अयाझ. मार्च १५०८ मध्ये दोघांनी चौलच्या खाडीत पोर्तुगीज गलबतांना गाठलं. पोर्तुगीजांचा म्होरक्या लोरेन्सो द आल्मैदा, खुद्द व्हाइसरॉयचा मुलगा. तो या लढाईत मारला गेला आणि उरलेली गलबतं पळाली. बापानं सूड उगवला तो नंतर: डिसेंबरअखेरीस वाटेत दाभोळ जाळलं आणि ३ फेब्रुवारी १५०९ ला दीवसमोर त्याच आरमाराचा चुराडा केला. दीवचा विजय कुणीतरी चौलच्या चौकटीत भरला होता.

एक तपशील लेखात नव्हता, तो घातला. लोरेन्सोचं जहाज निसटायच्या बेतात होतं, पण खाडीत मासेमारीसाठी रोवलेल्या खुंटांत अडकलं. पोर्तुगीज इतिहासकारांनी हे लिहून ठेवलंय. मायमुलखापासून हजारो कोस दूर, तोफांनी भरलेलं जहाज, आणि ते धरून ठेवलं कुणी, तर कोळ्यांच्या खुंटांनी.

काकांबरोबर रेवदंड्याच्या धक्क्यावर गेलो होतो, तिथं एका कोळीदादांना हे वाचून दाखवलं. ते जाळ्याची भोकं शिवत बसले होते. सुई थांबवली नाही. म्हणाले, “ओहोटीला मधल्या अंगाला जाऊ नका, आम्ही पोरांना आजपण सांगतो. खुंट दिसत नाय, होडी तेवढी थांबते.” मग विचारतात, “त्याची भरपाई कोणी दिली काय? खुंटांची?”

हे लेखात घालता येणार नाही, तोंडी माहिती आहे. नोंदीत राहू दे.

रकाना: लढाई खाडीत झाली. ‘व’ पण नाही, ‘ख’ पण नाही. तिसरं अक्षर घेतलं, ‘पा’. पाणी.

४ डिसेंबर

पोर्तुगीज विभाग, पूर्ण ख. १५१६ ची वखार, बुऱ्हाण निजामशहाच्या परवानगीनं १५२१ पासून किल्ला. हे बहुतेक ठीक होतं. ‘परवानगी’ हा शब्द मात्र नव्हता. लेखात पोर्तुगीज येतात आणि किल्ला बांधून मोकळे होतात. निजामशहाला घोडे हवे होते आणि समुद्रावर ज्याच्या तोफा त्याच्याशी वाकडं घेऊन ते मिळणार नव्हते, म्हणून जागा दिली. कारण लिहिलं की घटना समजते.

पुढचं वाक्य वाचून गुरुजी खो खो हसले. ‘१५७० मध्ये निजामशहाने स्वतःच्याच चौल शहराला वेढा घातला.’ लिहिणाऱ्यानं दोन ठिकाणांहून माहिती घेतली: एकात चौल निजामशाहीत, दुसऱ्यात निजामशहाचा चौलला वेढा. दोन्ही बरोबर! मुर्तझा निजामशहाचं वरचं चौल, आणि त्यानं वेढा घातला खालच्या चौलला. वरचं गाव त्याच्या फौजेच्या पाठीशी होतं, समोर पोर्तुगीजांचा कोट. त्याच सुमारास अली आदिलशहा गोव्याला वेढा देऊन बसला होता. तो दुहेरी बेत होता, पोर्तुगीजांची कुमक वाटली जावी म्हणून. १५७१ मध्ये दोन्ही वेढे उठले. कुठलंच ठाणं पडलं नाही.

आमचा व-ख रकाना या एका वाक्यासाठी काढला असता तरी चाललं असतं.

५ डिसेंबर

कोर्लई. निजामशाहीनं खाडीच्या दक्षिणेला डोंगरावर किल्ला उभारला. तोफा तिथून थेट कोटावर. १५९४ मध्ये पोर्तुगीजांनी तो जिंकला. एवढंच चौलच्या लेखात ठेवलं, बाकी कोर्लईच्या लेखात.

तिथल्या ख्रिस्ती वस्तीच्या भाषेबद्दल वाक्य होतं: ‘येथे आजही काही वृद्ध मोडकी पोर्तुगीज बोलतात, ही भाषा जवळपास नष्ट झाली आहे.’ कोर्लईच्या मुलीचा रात्री साडेअकराला निरोप आला. “दादा, हे कुणी लिहिलं? माझ्या आजीला येऊन सांगा म्हणावं, भाषा मेलीय म्हणून. आमच्याकडे भांडणं पण त्यातच होतात.” भाषाशास्त्रज्ञांनी या बोलीवर काम केलंय, ती पोर्तुगीज आणि मराठी यांच्या सहवासातून घडलेली स्वतंत्र क्रिओल आहे, बोलणारे लोक तिला नोलिंग म्हणतात. ‘मोडकी’ काढलं, ‘वृद्ध’ काढलं. नवा मजकूर तिनंच लिहिला, आणि आजीचा दाखला न देता छापील अभ्यासाचा दिला. नियम तिला आमच्याआधी कळलाय.

८ डिसेंबर

मराठा काळ. लेख म्हणतो, संभाजी महाराजांनी १६८३ मध्ये चौल जिंकलं. १६८३ मध्ये मराठी फौजांनी रेवदंड्याच्या कोटाला वेढा घातला हे खरं, कोट पडला नाही हेही खरं. १७३९ मध्ये वसई घेतल्यावर पोर्तुगीजांचं उत्तरेतलं कंबरडंच मोडलं आणि १७४० मध्ये तहानं रेवदंडा आणि कोर्लई मराठ्यांकडे आले.

‘जिंकलं’च्या जागी ‘वेढा घातला’ केल्यावर तासाभरात एका अनामिक सदस्यानं ते उलटवलं. पुन्हा दुरुस्त केलं, पुन्हा उलटवलं. तिसऱ्यांदा मी हात लावला नाही. चर्चा पानावर संदर्भ पानक्रमांकासह ठेवला आणि प्रचालकांना कळवलं. पान काही दिवस नव्या खात्यांसाठी बंद झालं. महाराजांचं मोठेपण एका कोटावर अवलंबून नाही, पण हे वाद घालून पटत नाही, संदर्भ ठेवूनच पटतं. पटलं तर.

११ डिसेंबर

३६० देवळं आणि ३६० तळी.

चौलात लहानाचा मोठा झालेला प्रत्येक माणूस हे सांगतो. वर्षाच्या प्रत्येक दिवसाला एक देऊळ, एक तळं. लेखात ते विधान म्हणून होतं, ‘चौलमध्ये ३६० मंदिरे होती’, आणि पुढे ‘संदर्भ हवा’चा साचा, तोही जुना होऊन गेलेला.

मी काढायच्या बाजूला होतो. गुरुजी बिलकूल तयार नव्हते. म्हणाले, “मोजायला गेलं कोण? कुणीच नाही. पण सांगत आले सगळे, हे तर खरं ना? मग तेवढं लिहा.” त्यांचं बरोबर आहे. छापील पुस्तकात ही आख्यायिका आख्यायिका म्हणून आलेली आहे, तेव्हा ‘स्थानिक परंपरेनुसार’ असं म्हणून ठेवली आणि इतिहासातून काढून लोकपरंपरेच्या विभागात नेली. रामेश्वराच्या देवळातलं पर्जन्यकुंडही तिथंच: अवर्षण पडलं की कुंड उघडायचं आणि पाऊस येतो ही श्रद्धा. लेखात लिहिलं होतं ‘कुंड उघडताच पाऊस पडतो’. आता आहे ‘अशी श्रद्धा आहे’. रामेश्वराला राग यायचं कारण नाही.

हिंगुळजा देवीची लेणी, शीतलादेवी, कलावंतिणीचा वाडा हे झटपट उरकलं. फोटो चांगले, मजकूर दोन-दोन ओळी.

१५ डिसेंबर

काम बंद. काल दत्तजयंती, भोवाळ्याच्या डोंगरावरच्या दत्ताची जत्रा सुरू. पायऱ्यांवर पाय ठेवायला जागा नाही आणि मोबाइलला रेंज नाही. काका फोटो काढायला गेले ते मिठाई घेऊन आले. फोटो विचारल्यावर “गर्दीत कॅमेरा कोण काढतो” म्हणाले.

२१ डिसेंबर

ऱ्हासाचा विभाग. लेखात एकच कारण: मुंबई. मुंबई पोर्तुगीजांकडून इंग्रजांकडे गेली १६६१ च्या विवाह-करारानं, कंपनीकडे १६६८ मध्ये. व्यापार तिकडे ओढला गेला हे खरं. चौलचे रेशमी कापड विणणारे कारागीर मुंबईला गेले. भुलेश्वर-काळबादेवीकडची चेऊलवाडी ही त्यांचीच वस्ती. पण हे एका फटक्यात झालेलं नाही. निजामशाही बुडाली तेव्हा वरच्या चौलच्या मागचा देशावरचा आधार गेला. जुन्नरच्या घाटवाटांनी येणारा माल दुसरीकडे वळला. पोर्तुगीजांची समुद्रावरची पकड सुटली तशी खालच्या चौलची किंमत उतरली. दोन गावांची पडझड वेगवेगळ्या कारणांनी आणि वेगवेगळ्या वेळी झाली. परत व आणि ख. दोन परिच्छेद केले.

रेवदंड्याच्या बेने इस्राएली (कोकणातल्या ज्यू) वस्तीबद्दल आणि सिनेगॉगबद्दल लेखात अवाक्षर नव्हतं. दोन ओळी घातल्या, पण त्या खरं तर रेवदंड्याच्या लेखात जायला हव्यात.

२८ डिसेंबर

मोठा प्रश्न निकाली काढायला सगळे ऑनलाइन बसलो. एक लेख की दोन?

मुंबईकर मित्राचं म्हणणं, जगभरच्या ग्रंथांत दोन्हीला चौलच म्हणतात, वाचक तेच शोधत येईल, तेव्हा एकच ठेवा. काकांचं म्हणणं, आमच्या गावाला स्वतःचा लेख नको का, ग्रामपंचायत वेगळी, पोस्ट वेगळं, माणसं वेगळी. कोर्लईची मुलगी म्हणाली, तिसरा पण करा, आमचं कायम तुमच्या दोघांच्या खाली येतं. गुरुजी बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, बंदराचा इतिहास एकत्र वाचल्याशिवाय १५७० चा वेढा कळणार नाही.

ठरलं ते असं: ‘चौल’ हा ऐतिहासिक बंदराचा लेख राहील आणि त्यात वरचं-खालचं हा भेद दुसऱ्याच वाक्यात येईल. कोट, मनोरा, सिनेगॉग, निकितिनचं स्मारक, आजचं गाव हे ‘रेवदंडा’ लेखात. तो आत्ता तीन ओळींचा आहे. कोर्लईचा लेख आहेच, वाढवायचा. प्रत्येकात बाकीच्या दोघांचे दुवे.

नवं पहिलं वाक्य: ‘चौल हे रायगड जिल्ह्याच्या अलिबाग तालुक्यातील गाव आणि कोकण किनाऱ्यावरील प्राचीन बंदर आहे.’ दुसरं: ‘सोळाव्या शतकापासून खाडीच्या तोंडाशी असलेल्या पोर्तुगीज वस्तीलाही, म्हणजे आजच्या रेवदंड्याला, चौल म्हटले जात असल्याने ऐतिहासिक साधनांत या नावाने दोन वेगळी ठिकाणे येतात.’ दुसरं वाक्य लांबलंय. तोडून पाहिलं, अर्थ सुटतो. राहू दे.

५ जानेवारी २०२५

बाहेरच्या परीक्षकाचा अभिप्राय आला. ते विदर्भातले आहेत, चौल पाहिलेलं नाही, आणि ते बरंच झालं. आम्ही गृहीत धरलेलं त्यांनी विचारलं. ‘पाखाडी’ म्हणजे काय ते एकदा सांगा. खाडीचा नकाशा द्या, व्यापारी कुठल्या बाजूनं आत येत ते कळत नाही. मसूदीच्या परिच्छेदाला भाषांतराचा पानक्रमांक हवा. १५७० च्या वेढ्यात पोर्तुगीज बाजूच्याच साधनांवर भर आहे, दख्खनी बाजूचं काय?

शेवटचा मुद्दा नेमका लागला. फरिश्ता या दख्खनी दरबारच्या इतिहासकाराच्या ग्रंथात या वेढ्याची हकीकत आहे, आणि पोर्तुगीजांनी निजामशाही सरदारांना लाच, त्यातही मद्य, देऊन फोडलं असा त्याचा सूर आहे. पोर्तुगीज लेखक अर्थातच शौर्य सांगतात. दोन्ही बाजू त्यांच्या त्यांच्या नावानं मांडायचं काम गुरुजींनी घेतलं. नकाशा मी करतो. पाखाडीची ओळ कोर्लईच्या मुलीनं लगेच घातली, ‘वाडीसारखी वस्ती, गावाचा स्वतंत्र भाग’.

१२ जानेवारी

नकाशा चढवला. व हिरवा, ख लाल, कोर्लई करडा. खुंटांची जागा दाखवायचा मोह झाला होता, पण १५०८ ला ते नेमके कुठं होते याला संदर्भ नाही, आणि कोळीदादांचं बोट हा संदर्भ चालत नाही.

गुरुजींचा फरिश्त्यावरचा परिच्छेद आला, दीड पानाचा. अर्धा करायला परत पाठवला. ते रागावलेत, पण करतील.

काकांनी रेवदंड्याच्या लेखासाठी कोटाच्या दर्या दरवाजाचे आणि मनोऱ्याचे फोटो चढवले. शीर्षकं दिली आहेत ‘आपला मनोरा १’, ‘आपला मनोरा २’. बदलतोय. रेवदंड्याची माहितीचौकट अजून रिकामी आहे, ती पुढच्या आठवड्यात.